बोलीचं शिंगरू

प्रियदर्शनीला बीडच्या कोर्टात काळा कोट घालून अजून वर्षही झालं नव्हतं. एका जुन्या वकिलांच्या हाताखाली ती तारखा घेण्याचं काम करायची आणि रविवारी पालीला आई-वडिलांकडे यायची. अशाच एका रविवारी ती आईसोबत ओट्यावर तुरीच्या शेंगा सोलत बसली होती. तेवढ्यात फाटकाशी एक बाई येऊन उभी राहिली. डोक्यावर पदर, हातात काठी, पायात जाड टायरच्या वहाणा.

"मालक घरी न्हाईत," केसरबाई बसल्या जागेवरून म्हणाल्या. बाईला त्यांनी ओळखलं होतं. मेंढरं राखणाऱ्या सटव्याची बायको, अंजना.

"म्हाईत हाय. म्हनूनच आले," अंजना म्हणाली. "मला वकीलताईला एक इचारायचं हाय."

केसरबाईंनी शेंगांची परात उचलली आणि आत गेल्या. आईला यातलं काही ठाऊक आहे, हे त्या उठण्यावरूनच प्रियदर्शनीच्या ध्यानात आलं.

अंजना पायरीवर टेकली. "ताई, तोंडानं दिलेली बोली कोर्टात चालती का? कागद न्हाई, अंगठा न्हाई. नुसतं बोलनं."

प्रश्न परीक्षेत यावा तसा नेमका होता. प्रियदर्शनीला बरं वाटलं. "चालते," ती म्हणाली. "लोकांना वाटतं स्टॅम्प पेपर नसला की करार नाही. तसं नसतं. बहुतेक करार तोंडीच होतात. पण कशाची बोली, कुणी कुणाला दिली, त्यावर आहे सगळं. कुणी दिली?"

"तुमच्या अण्णांनी."

मग अंजनानं सगळं सांगितलं. त्यातलं अर्धं प्रियदर्शनीला माहीत होतं. मागल्या वर्षीच्या उन्हाळ्यात बिंदुसरेच्या धरणाचं पाणी मागं सरलं होतं. पाणी सरलं की काठाला गाळाची पट्टी उघडी पडते. वरून वाळलेली, भेगाळलेली दिसते. माणसाला ती पेलते, पण घोड्याला पेलत नाही. अण्णांची, म्हणजे आप्पारावांची, घोडी मैना पाण्यासाठी त्या पट्टीवर गेली आणि पोटापर्यंत रुतली. जितकी धडपडली तितकी खाली गेली. काठावर गाव जमलं. कुणी म्हणालं ट्रॅक्टरनं ओढा, कुणी म्हणालं ट्रॅक्टरनं मान मोडंल. सटवा शेजारच्या रानात मेंढरं चारत होता. तो आला, त्यानं काठावरच्या कडब्याच्या पेंढ्या गाळावर अंथरल्या, पोटावर सरपटत घोडीपर्यंत गेला आणि तिच्या छातीमागून दोर घेतला. एकदा तर तो स्वतःच काखेपर्यंत आत गेला होता. शेवटी घोडी निघाली.

प्रियदर्शनीला माहीत नव्हतं ते पुढचं. त्या वेळी आप्पाराव म्हणाले होते, हिला जे पहिलं शिंगरू होईल ते सटव्याचं.

"पावसाळ्यात घोडी लागली, ह्या उन्हाळ्यात शिंगरू झालं," अंजना म्हणाली. "आमी गप बसलो. दूध पीत हुतं, आईपासून कसं तोडावं? आता सुटलं दूध. परवा हे, आमच्या पोरीचे, बबिताचे बाप, मालकाकडं गेलते. मालक म्हनले, सटव्या, लेका, ते हसत बोललो हुतो. हसण्यावारी बोललेलं कुनी धरून बसतं का? हे आपले मान खाली घालून आले. म्हनले, मोठ्या मानसाशी कशाला वाद. मी म्हनलं, वाद न्हाई घालायचा, पन इचारायला काय जातंय?"

शिंगरू साधं असतं तर आप्पारावांनी ते कधीच देऊन टाकलं असतं. पण ही मादी पंचकल्याणी निघाली होती. चारही पाय गुडघ्यापर्यंत पांढरे आणि कपाळापासून नाकापर्यंत पांढरा पट्टा. परळीचा एक व्यापारी मुद्दाम गाडी करून तिला बघायला आला होता. खुद्द प्रियदर्शनीच्या मोबाइलवर त्या शिंगराचाच फोटो होता. शिंगरू आपल्या दारातून जाणार, हे तिला नकोसं झालं आणि लगेच तिला स्वतःचीच लाज वाटली.

"अंजनाबाई, मला तुमची वकील होता येणार नाही," ती म्हणाली. "समोर माझेच वडील आहेत. गरज पडली तर दुसरा चांगला वकील सांगेन. पण प्रश्नाचं उत्तर मी शोधते. एक सांगा, अण्णा हे कधी बोलले? तुमचे मालक गाळात उतरायच्या आधी, की घोडी बाहेर आल्यावर?"

"म्या कुठं हुते तिथं?" अंजना म्हणाली. "हे गाळात. मग मेंढरं कोन बघनार? पन त्यानं काय फरक पडतो?"

"पडतो. आधी म्हणाले असतील तर ती देवाणघेवाण झाली. तू घोडी काढ, मी शिंगरू देतो. तो उतरला, तिथंच करार झाला. नंतर म्हणाले असतील तर ते खुशीनं दिलेलं बक्षीस. नुसत्या बक्षिसाच्या शब्दाला कायदा सहसा धरत नाही."

अंजना विचारात पडली. "म्हंजी तेच शब्द, पन घटकाभर उशिरा बोलले तर फुकट?"

"पुस्तकात बघून सांगते," प्रियदर्शनी म्हणाली. अंजनाचा तो प्रश्न दिवसभर तिच्या डोक्यात घुमत राहिला.

दुपारी ती सटव्याच्या तळावर गेली. धरणाखाली ज्वारी निघालेल्या रानात मेंढरं बसली होती. सटवा एका मेंढीच्या खुरातला काटा काढत होता. आधी की नंतर, हे ऐकून त्यानं काटा उपटून बाजूला टाकला.

"मालक बोलतच हुते ताई. सारखे बोलत हुते. मी घोडीकडं बघत हुतो. तिचा श्वास लई वर चालला हुता. शिंगराचं कानावर आलं एवढं खरं, पन कवा आलं ते शपथेवर न्हाई सांगता येनार."

"तुम्ही शिंगरासाठी उतरलात का?"

"न्हाई," सटवा सरळ म्हणाला. "घोडी मरत हुती म्हनून उतरलो."

प्रियदर्शनी मनातल्या मनात हबकली. कोर्टात हा माणूस असं उत्तर देऊन स्वतःचीच केस बुडवील, असं तिला वाटलं. घरी येऊन तिनं करार कायद्याचं पुस्तक काढलं. मोबदल्याशिवाय करार नाही हे कलम तिला पाठ होतं. पण त्या कलमाला अपवाद जोडलेले होते आणि कॉलेजात ते तिनं घाईघाईत वाचून सोडून दिले होते. एका अपवादापाशी तिचं बोट थांबलं. एखाद्यानं आपणहून तुमच्यासाठी काही केलं आणि त्याची भरपाई म्हणून तुम्ही नंतर शब्द दिला, तर तो शब्दही बांधतो. केवळ ते काम आधी होऊन गेलं म्हणून शब्द फुकट जात नाही. आणि तो लेखीच असावा अशीही अट नाही.

ती दोनदा वाचून उठली. म्हणजे आप्पाराव आधी बोलले असोत की नंतर, शब्द उभा राहतच होता. अंजनाला आपण अर्धवट सांगितलं. फक्त मायेपोटी, काही न घेता दिलेला शब्द तेवढा कागदावर नोंदवावा लागतो, पण इथं तसं नव्हतं. मग उरला एकच प्रश्न. शब्द खरोखर दिला होता, की हसण्यावारी? कारण गमतीत बोललेल्याला कुठलंच कोर्ट करार म्हणत नाही.

धरणाच्या भिंतीशी बजरंगची चहाची टपरी होती. त्या दिवशी दोर ओढायला तो सगळ्यात पुढे होता. प्रियदर्शनीनं चहा घेतला आणि विचारलं, "बजरंगमामा, मैना रुतली तेव्हा अण्णा शिंगराचं बोलले, ते हसत बोलले का हो?"

बजरंग कप विसळायचा थांबला. "हसत? तुला कोन म्हनलं हसत?"

"अण्णाच म्हणतात."

बजरंगनं इकडेतिकडे पाहिलं. टपरीवर दुसरं गिऱ्हाईक नव्हतं. "पोरी, हे तू माझ्याकडून ऐकलं असं म्हनू नको. आप्पाराव रडत हुते. लेकरावानी. सटव्यापुढं हात जोडले त्यांनी. म्हनले, सटव्या, माझी मैना काढ, हिचं पहिलं शिंगरू तुझं, माझी जबान हाय. सटवा तवा पेंढ्या टाकत हुता, खाली उतरलाबी नव्हता. आमी सगळ्यांनी माना फिरवल्या. मोठं मानूस रडताना बघू वाटत न्हाई."

परतताना प्रियदर्शनी सावकाश चालली. तिनं आयुष्यात अण्णांना रडताना पाहिलं नव्हतं. आजोबा गेले तेव्हाही ते कोरड्या डोळ्यांनी सरणाची लाकडं मोजून घेत होते. पंचायत समितीवर निवडून आलेला माणूस, गावच्या भांडणात ज्याचा शब्द शेवटचा, तो गाळाच्या काठावर रडला आणि घरी येऊन त्यानं कुणाला सांगितलंसुद्धा नाही.

दुसऱ्या दिवशी तिनं कोर्टाला सुट्टी टाकली. सकाळी आप्पाराव गोठ्यात मैनेला खरारा करत होते. शिंगरू बाजूला दावणीला बांधलेलं, गळ्यात निळ्या मण्यांची माळ.

"अण्णा, तुम्हाला काही विचारू? साक्षीदाराला विचारतात तसं?"

आप्पाराव खूश झाले. लेकीची वकिली त्यांना अजून घरात पाहायला मिळाली नव्हती. त्यांनी खांद्यावरचा टॉवेल झटकला आणि खांबाला धरून उभे राहिले. "इचार. हा झाला पिंजरा."

"सटव्याला शिंगरू देतो म्हणालात, ते तो गाळात उतरायच्या आधी की नंतर?"

"आधीच की. घोडी बाहेर आल्यावर कोन शिंगरू देतंय?" ते स्वतःच्याच बोलण्यावर हसले.

"म्हणजे तो उतरावा म्हणून म्हणालात."

"मग काय देवाला नवस म्हनून?"

"शब्द काय होते?"

"हिचं पहिलं शिंगरू तुझं." एवढं बोलून आप्पाराव जरा सावध झाले. "पन ते हसत म्हनलेलं."

"हसत?"

खरारा घोडीच्या पाठीवर थांबला. मैनेनं मान वळवून पाहिलं.

"बजऱ्याकडं गेलतीस," आप्पाराव म्हणाले.

प्रियदर्शनी शिंगराच्या माळेतले मणी सारखे करत राहिली.

आप्पाराव खाली, कडब्याच्या पेंढीवर बसले. त्यांनी खराऱ्यातले केस उपटून काढले. "सगळं गाव बघत हुतं," ते म्हणाले. "मी हात जोडले एका मेंढक्यापुढं. मला नंतर लई लाज वाटली. घोडीसाठी रडतो म्हनत असतील लोक. सटवा परवा आला तवा मला शिंगरू दिसलंच न्हाई बघ. तो दिवस दिसला. मला वाटलं, हसण्यावारी बोललो म्हनलं की ते रडनंबी पुसून जाईल."

"कायद्याला रडण्याशी काही घेणं नाही, अण्णा. शब्द मनापासून होता का, एवढंच बघतो तो."

"मनापासून?" आप्पाराव म्हणाले. "त्या वेळी त्यानं जमीन मागितली असती तरी दिली असती."

"जमीन देता आली नसती. तोंडी देऊन जमीन जात नाही. तिला नोंदणीचा कागदच लागतो."

आप्पारावांनी मान वर केली. डोळ्यांत एकदम वेगळीच चमक आली होती. "खरं? मग मागल्या साली मी देवळाला कोपऱ्यातली जागा देतो म्हनलो हुतो, ते?"

"नुसतं म्हणण्यानं जागा जात नाही."

"आनि देवळाला फरशी करून देतो म्हनलो, ती?"

"ती तुमची खुशी. पण तुमच्या शब्दावर त्यांनी काम सुरू केलं असेल, गवंडी लावला असेल, तर मात्र गोष्ट वेगळी. मग कोर्ट विचारील."

आप्पाराव चपापले. "खोदून ठेवलंय की गं त्यांनी." ते बोटांवर मोजत विचार करू लागले. "आनि हनुमानच्या पोराला नोकरी लावतो म्हनलो?"

"नोकरी तुमच्या हातात होती का? वशिल्यानं नोकरी लावायच्या कराराला कायदा करारच मानत नाही."

"चला, ते एक सुटलं."

केसरबाई चहा घेऊन कधी दारात उभ्या राहिल्या होत्या, कुणाला कळलं नव्हतं. "मला तिरुपतीला नेतो म्हनले," त्या म्हणाल्या. "लगीन झाल्या वर्षी. ते कोर्टात चालंल का गं?"

"नाही आई. नवरा-बायकोच्या असल्या शब्दांत कोर्ट पडत नाही."

"मग कसलं ते कोर्ट?" केसरबाईंनी चहाचा कप नवऱ्यापुढं ठेवला आणि निघून गेल्या.

आप्पाराव हसले, पण ते हसू टिकलं नाही. "सटवा कोर्टात गेला तर काय व्हईल?"

"बजरंगला समन्स येईल. तुम्हालाही. शपथेवर विचारतील, हसत होतात का."

"आनि म्हनलो, हसत हुतो?"

प्रियदर्शनीनं खरं तेच सांगितलं. "मग कदाचित जिंकालही. बाकीच्यांनी माना फिरवल्या होत्या. बजरंगही ऐन वेळी तुमच्या भीतीनं गप्प बसेल. तोंडी कराराचं हेच आहे, अण्णा. तो खरा असतो, पण सिद्ध करणं अवघड जातं."

"मग मला कशाला सांगतीस हे?"

"तुम्ही विचारलंत म्हणून."

आप्पारावांनी चहा तसाच ठेवला. शिंगरानं त्यांच्या खांद्याला नाक लावलं, तसं ते उठले आणि दाव्याची गाठ सोडू लागले. गाठ घट्ट बसली होती. लेक मदतीला पुढे झाली, पण त्यांनी तिला हातानं बाजूला सारलं.

शिंगराला घेऊन दोघं तळावर पोचले तेव्हा सटवा बिऱ्हाड आवरत होता. तेलगावकडे कापसाची रानं मोकळी होत होती आणि तिकडे निघायचं होतं. मालक स्वतः येताना दिसले तसा तो घाईनं उभा राहिला.

आप्पारावांचा जीव अजूनही शिंगरात अडकला होता. ते म्हणाले, "सटव्या, एक बोलू? हे अजून नाजूक हाय. ह्याच्या बदली तुला चांगलं ओझ्याचं तट्टू देतो. उद्यापासून कामाला येईल. ते घे, हे राहू दे."

सटव्याला ते पटल्यासारखं दिसलं. बिऱ्हाड वाहायला त्याच्याकडे एकच म्हातारी घोडी होती. त्यानं प्रियदर्शनीकडे पाहिलं. "असं बदलता येतं का ताई?"

"दोघांच्या मर्जीनं येतं. एकाला नको असेल तर नाही. तुमची इच्छा."

सटव्यानं बायकोकडे पाहिलं. अंजना शिंगराचे पाय निरखत होती.

"बोली शिंगराची हुती," ती म्हणाली. "तट्टू आमी कवाबी घेऊ. गाळात जीव घातला तवा मालकांनी सगळ्यात आवडीचं दिलं. आता दुसरं कसं घ्यावं?"

आप्पाराव तिच्याकडे बघतच राहिले. मग त्यांनी दाव्याचं टोक सटव्याच्या हातात दिलं. "जबान मीच दिली हुती," ते म्हणाले. "आनि हसत न्हवतो."

"म्हाईत हाय मालक," सटवा म्हणाला. एवढंच.

अंजनानं शिंगराच्या गळ्यातली निळ्या मण्यांची माळ काढली आणि आप्पारावांपुढं धरली. "हे बोलीत न्हवतं."

"राहू दे," आप्पाराव म्हणाले. "ही मी आता देतो. हातात देतो." माळ त्यांनी स्वतःच पुन्हा बांधली. बांधताना त्यांचे डोळे भरून आले आणि या वेळी त्यांनी तोंड फिरवलं नाही. शिंगरानं म्हाताऱ्या घोडीचा वास घेतला, कान मागं टाकले, मग हळूच तिच्या बाजूला जाऊन उभं राहिलं. गावाच्या बाजूनं मैना खिंकाळत होती, ते तिथंही ऐकू येत होतं.

मैना पुढचे काही दिवस नीट खात नव्हती. आप्पाराव तिच्यापाशीच बसून असायचे. देवळाची फरशी त्यांनी त्याच महिन्यात करून दिली. गावात लोक काहीबाही बोलले. कुणी म्हणालं लेकीनं बापाला हरवलं, कुणी म्हणालं आप्पाराव निवडणुकीची तयारी करतायत. सप्त्याच्या बैठकीत कुणीतरी मंडपाचा खर्च त्यांच्यावर टाकला, तेव्हा ते म्हणाले, "घरी इचारून सांगतो." बैठक चकित झाली. त्यांनी याआधी कुणालाच घरी विचारून सांगतो असं म्हटलेलं कुणी ऐकलं नव्हतं.

थंडी ओसरत आली असताना एका दुपारी कोर्टाच्या आवारात प्रियदर्शनीचा फोन वाजला. अंजना होती, तेलगावहून. मागे मेंढरांचा गलका चालला होता.

"शिंगरू कसं आहे?" प्रियदर्शनीनं आधी तेच विचारलं.

"लई वढाळ हाय. बबिताशिवाय कुनाच्या मागं चालत न्हाई. पन ताई, मी दुसऱ्यासाठी फोन केला. हितं एका शेतकऱ्यानं रानात मेंढरं बसवून घेतली, खतासाठी. म्हनला, विहिरीचं पानी पाजा. आता मेंढरं बसून झाली तर पानी देईना. थांबा, आधी काय झालं ते आधी सांगते, नंतरचं नंतर. हसत बोलला का तेबी सांगते. म्या सोता तिथं हुते आनि शेजारचे दोघं ऐकत हुते."

प्रियदर्शनी झाडाखालच्या बाकावर बसली. पुकारा व्हायला अजून अवकाश होता.

"सांगा," ती म्हणाली. "तो पहिल्यांदा काय म्हणाला?"